रॉकचा गळा, नाटकाचं गाणं

रॉक गाणारा नाटकात शिरला की दोन्हीकडचे नाक मुरडतात. रॉकवाल्यांना तो बाटलेला वाटतो, नाटकवाल्यांना आगंतुक. खरं तर ही वाट रॉकनेच आखली होती. साठचं दशक सरता सरता तीन मिनिटांचं सुटं गाणं अपुरं वाटू लागलं आणि सलग कथा सांगणाऱ्या तबकड्या निघाल्या. ‘द हू’ या बँडची ‘टॉमी’ १९६९ची. ती १९९३ मध्ये ब्रॉडवेवर नाटक म्हणून उभी राहिली. वेबर आणि राइस यांचं ‘जीझस ख्राइस्ट सुपरस्टार’ १९७० मध्ये आधी तबकडीवर आलं आणि पुढच्याच वर्षी रंगमंचावर. गाण्यात पात्रं आणि संघर्ष आले की रंगमंच फार दूर राहत नाही.

आपल्याकडे या प्रवासाचं ठळक नाव नंदू भेंडे. आत्माराम आणि आशा भेंडे या रंगकर्मींचा हा मुलगा इंग्रजी रॉक गात असे. १९७४ मध्ये अ‍ॅलेक पदमसी यांच्या मुंबईतल्या ‘सुपरस्टार’मध्ये त्यांनी जुडास रंगवला. पुढे १९७८ मध्ये थिएटर अ‍ॅकॅडमीचं ‘तीन पैशाचा तमाशा’ आलं: ब्रेख्त आणि वाइल यांच्या १९२८च्या नाटकावरून पु. ल. देशपांडे यांनी लिहिलेलं, जब्बार पटेल यांनी बसवलेलं. त्यात नाट्यसंगीत, लावणी आणि पाश्चात्त्य ढंगाचं गाणं शेजारी शेजारी नांदलं. त्यात नंदूंनी रंगवलेला अंकुश हा शहरी गुंड. त्याची ऐट आणि बेफिकिरी रॉकच्या गळ्यातून आपसूक उतरते. इथे रॉक ही नुसती सजावट नव्हती, ती त्या पात्राची बोली होती.

परक्या सुरांनी संगीत नाटक बिघडतं, हा आक्षेप जुनाच आहे. पण ‘शाकुंतल’ आणि ‘सौभद्र’ लिहिणाऱ्या किर्लोस्करांनी कर्नाटकी चाली घेतल्याच होत्या, आणि १९३३च्या ‘आंधळ्यांची शाळा’त केशवराव भोळे यांनी भावगीताच्या वळणाचं संगीत दिलं. दुसरा आक्षेप अधिक वजनदार: रॉक गायक स्वतःचं सांगतो, नाटकात त्याला दुसऱ्याचं बोलावं लागतं. खरं आहे. म्हणून प्रसंग पुढे नेत नसेल तर कितीही सुरेख सोलो कापावा लागतो. पण त्याने गाणं खुजं होत नाही. उदाहरणार्थ, पालघर, डहाणू, जव्हारकडचा तारपा या वाद्यावरचा नाच पाहावा. वादक सूर बदलतो तशी रिंगणातली पावलं बदलतात; तारप्याकडे पाठ करून कुणी नाचत नाही. तिथे संगीताची किंमत ते माणसांना कसं हलवतं यावर ठरते. नाटकही गाण्याकडून हेच मागतं. बोईसर-तारापूरच्या वसाहतीत गिटार घेऊन बसलेल्या पोराने पुढचं गाणं स्वतःऐवजी एखाद्या पात्रासाठी लिहून पाहावं. गिटार तीच राहील; फक्त हे गाणं कोण, कुणाला आणि का म्हणतंय, याचं उत्तर त्याला आधी द्यावं लागेल.