सही न करणारा नट

थिओ अँजेलोपोलसचा 'व्हॉयेज टू सिथेरा' मी फिल्म सोसायटीच्या एका खेळाला पहिल्यांदा पाहिला, तेव्हा त्यातल्या म्हाताऱ्या नटाचं नावही मला ठाऊक नव्हतं. ३२ वर्षं सोव्हिएत संघात काढून मायदेशी परतलेला स्पिरोस. गावाची जमीन विकायची ठरते, हा नाही म्हणतो. शेवटी त्याला समुद्रात एका तराफ्यावर सोडून देतात आणि बायको आपण होऊन त्याच्याजवळ जाते. हा नट म्हणजे मानोस कात्राकिस. पुढे त्याच्याविषयी मिळेल ते वाचत गेलो.

जन्म १९०८चा, क्रीट बेटावरच्या किसामोसचा. १९२९मध्ये, मूकपटाच्या काळातच, तो पडद्यावर आला. पण खरा पिंड रंगभूमीचा. नटाचं चरित्र म्हटलं की भूमिकांची यादी येते. कात्राकिसच्या यादीत मधली काही वर्षं कोरी आहेत, आणि मला महत्त्वाची वाटतात ती तीच.

जर्मन ताब्याच्या काळात तो प्रतिकार चळवळीत होता. पुढच्या यादवीत डाव्यांना बेटांवर हद्दपार केलं गेलं. माक्रोनिसोस हे त्यांतलं सर्वांत कुप्रसिद्ध बेट. तिथे मारहाण करून एका कागदावर सही मागत : 'पश्चात्तापाचं निवेदन'. सही केली की सुटका. पण ते निवेदन वर्तमानपत्रात छापलं जाई, गावापर्यंत पोचवलं जाई. म्हणजे माणूस सुटायचा आणि आपल्याच माणसांतून उठायचा. कात्राकिसने सही केली नाही. माक्रोनिसोसनंतर आय स्त्रातिस. कवी यानिस रित्सोसही या दोन्ही बेटांवर होता.

सुटून आल्यावर त्याने १९५५मध्ये अथेन्समध्ये 'ग्रीक लोकनाट्यगृह' ही स्वतःची संस्था काढली. १९६४मध्ये एलितिसच्या काव्यावरची थिओडोराकिसची 'अ‍ॅक्सिऑन एस्ती' ध्वनिमुद्रित झाली, तिच्यातलं गद्यवाचन त्याचंच. ग्रीक कळत नसतानाही मी ते अनेकदा ऐकलं आहे. आवाज चढत नाही, तरी हातातलं काम थांबतं.

मला सर्वांत विलक्षण वाटते ती १९६१ची 'अँटिगनी'. दिग्दर्शक योर्गोस झावेलास. अँटिगनी इरिनी पापास. कात्राकिस तिच्यात क्रेऑन आहे, म्हणजे आज्ञा मोडणारीला मृत्युदंड देणारा राजा! ज्याने स्वतः राजाज्ञा मानली नाही, त्याने तो राजा खलनायक करून टाकला असता तर कोणी दोष दिला नसता. त्याने तसं केलेलं नाही. त्याचा क्रेऑन राज्य सावरू पाहणारा, आपलं बरोबरच आहे अशी खात्री असलेला माणूस आहे. अशी खात्री असलेली माणसं त्याने माक्रोनिसोसवर जवळून पाहिली असणार, असा माझा तर्क आहे.

'सिथेरा' १९८४च्या कान महोत्सवात दाखवला गेला, पटकथेचं पारितोषिक मिळालं. त्याच वर्षी २ सप्टेंबरला कात्राकिस गेला. तराफ्यावरचा म्हातारा ही पडद्यावरची त्याची शेवटची भूमिका.