काजळीवर उमटलेला आवाज

फ्रेंच लेखक फ्रान्स्वा राब्ले याने १५५२ साली एक अजब समुद्र रंगवला. कथानायक पांताग्रुएल आणि त्याचे सोबती जहाजातून जात असताना भर समुद्रात माणसांचे आवाज ऐकू येऊ लागतात. माणूस मात्र एकही दिसत नाही. जहाजाचा तांडेल उलगडा करतो: मागच्या हिवाळ्यात इथे मोठी लढाई झाली, तेव्हाचे शब्द, किंकाळ्या, घोड्यांचं खिंकाळणं सगळं थंडीनं गोठलं, आता हवा ऊबदार होतेय, तसं ते वितळतंय. पांताग्रुएल गोठलेले शब्द मुठीमुठीनं जहाजावर टाकतो. लाल, हिरवे, निळे, सोनेरी. हाताची ऊब लागली की ते बोलू लागतात. कथा सांगणाऱ्याला त्यातले काही तेलात घालून जपायचे असतात. पांताग्रुएल नको म्हणतो. ज्याची कधी वाण पडत नाही, ते साठवायचं कशाला?

या प्रश्नाचं उत्तर तीन शतकांनंतर पॅरिसमध्ये एका यंत्रानं दिलं. त्याचं नाव फोनोटोग्राफ.

एदुआर-लेओं स्कॉट द मार्तांव्हिल हा छापखान्यात खिळे जुळवणारा आणि मुद्रितं तपासणारा माणूस. तपासायला आलेल्या एका शास्त्रीय ग्रंथात त्यानं कानाची आकृती पाहिली आणि त्याच्या मनात आलं, असा कान यंत्रातच का करू नये? २५ मार्च १८५७ रोजी त्यानं पेटंट घेतलं. यंत्राची रचना साधी होती. आवाज गोळा करायला रुंद तोंडाचं नरसाळं, त्याच्या टोकाशी ताणलेला पातळ पडदा आणि पडद्याला डुकराचा राठ केस. समोर हातानं फिरवायचा दंडगोल. त्यावर दिव्याच्या धुरानं काळा केलेला कागद. माणूस बोलला की पडदा थरथरे, केस हले आणि काजळी खरवडली जाऊन नागमोडी रेघ उमटे. पुढे रुडॉल्फ केनिग या नामांकित उपकरण-कारागिराच्या मदतीनं यंत्र सुधारलं आणि ध्वनीच्या अभ्यासकांच्या प्रयोगशाळांत पोचलं.

ही रेघ वाजवायची सोय यंत्रात नव्हती आणि स्कॉटला ती हवीही नव्हती. आयुष्य अक्षरांत गेलेल्या या माणसाला बोलणं स्वतःच स्वतःला लिहील अशी लिपी हवी होती. १८७७ मध्ये एडिसनचा फोनोग्राफ बोलू लागला, जगभर गाजला. तेव्हा स्कॉटनं १८७८ साली पुस्तिका काढून सांगितलं, की आवाज पुन्हा ऐकवणं वेगळं. खरा प्रश्न बोलणं लिहून काढण्याचा आहे आणि त्यात पहिलं पाऊल माझं. दुसऱ्याच वर्षी तो वारला.

त्याचे कागद मात्र उरले, कारण काही त्यानं पेटंटच्या अर्जासोबत जोडले होते आणि काही पॅरिसच्या विज्ञान अकादमीच्या हवाली केले होते. २००८ साली डेव्हिड जोव्हानोनी, पॅट्रिक फीस्टर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या रेघांच्या बारीक प्रतिमा मिळवल्या. अमेरिकेतल्या लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेच्या मदतीनं संगणकावर त्या रेघांचा ध्वनी झाला. ९ एप्रिल १८६० ला नोंदलेलं ‘ओ क्लेर द ला ल्यून’ हे लोकगीत १४८ वर्षांनी ऐकू आलं.

पहिल्यांदा तो एखाद्या मुलीचा गळा वाटला. पुढच्या वर्षी लक्षात आलं, की वेग दुप्पट धरला गेला होता. वेग निम्मा करताच तो पुरुषाचा, बहुधा खुद्द स्कॉटचा, संथ आवाज निघाला. हातानं फिरवलेल्या दंडगोलाची गती कधी सारखी नसते. तरी ती मोजता आली, कारण स्कॉटनं आवाजाच्या रेघेशेजारीच, ठराविक गतीनं थरथरणाऱ्या नादकाट्याच्या कंपनांची रेघ ओढून घेतली होती. त्या मापाविना गाणं ओळखू येईल असं जुळवणं अशक्यप्राय होतं. २०१५ मध्ये युनेस्कोनं या कागदांना ‘जागतिक स्मृती’च्या नोंदवहीत स्थान दिलं.

मला या कहाणीत संगणकापेक्षा ती दुसरी रेघ मोठी वाटते. आज जे वाचता येत नाही तेही ठेवावं, आणि ठेवताना त्याचं मापही सोबत ठेवावं, हे त्या मुद्रितशोधकाला कळलं होतं. आपल्या घरोघरी जात्यावरच्या ओव्यांच्या, कीर्तनांच्या, आजी-आजोबांच्या बोलण्याच्या कॅसेट पडून आहेत. त्या जपायच्या तर आवाज कुणाचा, गाव कोणतं, साल कोणतं, एवढं तरी आजच प्रत्येकीवर लिहून ठेवायला हवं. ते सांगू शकणारी माणसं अजून आपल्यात आहेत.