बोटांच्या गाठी आणि कापसाची वेचणी



दसरा-दिवाळीपासून वणी-राजूरकडच्या पऱ्हाटीत वेचणी सुरू होते. मजुरी किलोवर. ज्या बाईची बोटे आखडली, तिची ओटी उशिरा भरते आणि पैसेही कमी हाती येतात. म्हणून बोटांच्या या दुखण्याला ‘वयच झालं आता’ म्हणून सोडून देऊ नये.

सांध्यात दोन हाडांच्या टोकांवर गुळगुळीत कूर्चा असते. ती झिजते, हाड कडेने वाढते आणि नखाजवळच्या किंवा मधल्या पेरावर टणक गाठ दिसू लागते. अंगठ्याच्या बुडाशीही हीच झीज होते. पाळी गेलेल्या बायांत हे जास्त आढळते, आईला असेल तर लेकीलाही होऊ शकते. नखाजवळच्या गाठींना हेबर्डन या इंग्रज डॉक्टरांचे नाव आहे. १८०२ साली छापलेल्या त्यांच्या ग्रंथात त्यांनी या गाठी वातरक्ताहून वेगळ्या सांगितल्या. बोटे मोडल्याने हा रोग होतो हे खरे नाही.

झिजलेली कूर्चा परत येत नाही, गाठही जात नाही. पण गाठ तयार होताना जे ठणकते, ते पुष्कळांचे काही महिन्यांत, कधी काही वर्षांत ओसरते. तोवर हात चालता ठेवायचा आणि सांध्यावरचा जोर कमी करायचा.

पहाटे वेचलेल्या कापसाला काडीकचरा कमी चिकटतो, म्हणून लवकर निघा असे आपण सांगतो. पण थंडीत याच वेळी बोटे आखडलेली असतात. तेव्हा निघण्याआधी दहा मिनिटे सोसेल इतक्या कोमट पाण्यात हात बुडवावेत. पाण्यातच सावकाश मूठ मिटावी, उघडावी, अंगठा एकेका बोटाच्या टोकाला लावावा. असे आठ-दहा वेळा करावे. वेचताना कापूस मुठीत साठवू नये, लगेच ओटीत टाकावा. दोन्ही हात चालवावेत. अर्ध्या-पाऊण तासाने मिनिटभर बोटे सरळ करावीत, त्याने वेचा काही मागे पडत नाही.

खुरप्याची, विळ्याची मूठ बारीक असली की बोटे जास्त आवळावी लागतात. तिच्यावर जुन्या सायकलची ट्यूब किंवा चिंध्या गुंडाळून ती जाड करा. धार मात्र चांगली ठेवा, बोथट विळा हाताचा जीव घेतो. दूध काढताना अंगठा मुडपून सड ओढण्याची सवय सोडा, पूर्ण मुठीने धार काढा. अंगठा वाचतो आणि जनावराच्या सडालाही इजा होत नाही. ओले लुगडे खांबाला अडकवून पिळावे. बादली अर्धी भरून दोन खेपा केल्या तर कोणी हसत नाही. बोटातली अंगठी सांधा सुजण्याआधी साबण लावून काढून ठेवा, नाहीतर पुढे ती कापावी लागते.

राजूरला चुन्याच्या भट्ट्या, म्हणून चुना हाताशीच. पण चुना-गुळाचा लेप सांध्यापर्यंत पोचत नाही, कातडी मात्र भाजते. बिब्ब्याचे तसेच, फोड येतात.

गोळ्यांबद्दल जरा सावध राहा. दुकानातून मागून घेतलेल्या डायक्लोफेनॅकसारख्या गोळ्या उपाशीपोटी, रोज आणि उन्हात पाणी न पिता घेतल्या तर पोटात जखम होते, मूत्रपिंड बिघडते, रक्तदाबही वाढतो. आधी त्याच औषधाचे मलम लावून पाहावे. बाजारातल्या बिननावाच्या पुडीने दोन दिवसांत आराम पडला तर तिच्यात स्टेरॉईड असण्याचा संशय धरावा. त्याने पुढे साखर वाढते, तोंड सुजते, हाडे ठिसूळ होतात. मात्र अशी पुडी कित्येक महिने चालू असेल तर एकदम बंद करू नका, उरलेली पुडी घेऊन डॉक्टरांकडे जा.

आणखी एक ओळख ठेवा. सकाळचा ताठरपणा अर्ध्या तासात मोकळा झाला तर बहुधा ही झीजच. तो तासापेक्षा जास्त टिकतो, दोन्ही मनगटे आणि बोटांच्या मुळाचे सांधे मऊ सुजतात, अंगात कसकस असते, तर तो आमवात असू शकतो. त्याचे औषध वेगळे आहे आणि ते लवकर सुरू केले तर बोटे वाकडी होण्यापासून वाचवता येतात. अशा वेळी वेचणी संपायची वाट न पाहता प्राथमिक आरोग्य केंद्रात किंवा वणीच्या सरकारी दवाखान्यात हात दाखवावा. एखादाच सांधा रातोरात लाल होऊन तापला, किंवा ताप भरला, तर त्याच दिवशी जावे.