गप्पी मासे पकडणारा प्रार्थनाकीटक

डासांच्या अळ्या खाव्यात म्हणून हौदांत आणि तळ्यांत सोडला जाणारा गप्पी मासा एखाद्या कीटकाच्या तोंडी जाईल, असे कुणाच्या मनातही येणार नाही. कर्नाटकातल्या एका घराच्या गच्चीवरील छोट्या तळ्यात मात्र नेमके हेच घडले. हिरोड्युला टेनुइडेंटाटा या मोठ्या प्रार्थनाकीटकाचा एक नर पाणवनस्पतींच्या पानांवर दबा धरून बसे आणि मासे उचले. पाच दिवसांत त्याने नऊ गप्पी फस्त केले. २०१८ साली ही नोंद शोधनिबंध म्हणून प्रसिद्ध झाली.

प्रार्थनाकीटकांनी पाली, बेडूक, क्वचित लहान पक्षीही मारल्याचे आधीपासून माहीत होते. मला खरे नवल वाटते ते तो पुन्हापुन्हा त्याच तळ्यावर आला याचे. एखादा मासा योगायोगाने हाती लागेल. नऊ नाही लागणार. अनुभवातून हा कीटक काही शिकत असावा, अशी शक्यता त्यामुळे पुढे आली. तेही अंधूक उजेडात, पाण्याखाली हलणाऱ्या भक्ष्यावर झडप घालताना!

झडपेचे हत्यार म्हणजे पुढचे दोन पाय. मांडीवर आणि नळीवर काट्यांच्या रांगा असतात आणि अडकित्त्यासारखे ते क्षणात मिटतात. पण अंतर चुकले तर हत्यार वाया. ते अंतर त्याला कसे कळते, हे शोधायला इंग्लंडमधल्या न्यूकॅसल विद्यापीठात जेनी रीड यांच्या चमूने आफ्रिकेतल्या एका जातीच्या प्रार्थनाकीटकाच्या डोळ्यांवर मधमाश्यांच्या मेणाने हिरव्या-निळ्या काचांचा इवलासा चष्मा चिकटवला आणि त्याला त्रिमितीय चित्रफीत दाखवली. पडद्यावरचा ‘किडा’ जवळ भासताच त्याने झडप घातली. आपला मेंदू दोन्ही डोळ्यांतली चित्रे जुळवतो. हा कीटक चित्रातले फक्त हलणारे भाग जुळवतो. म्हणूनच एवढ्याशा मेंदूत हे काम भागते.

डोळे दोन असले, तरी कान मात्र एकच, छातीच्या खाली, मधोमध. तो वटवाघळांचा, आपल्याला ऐकू न येणारा आवाज टिपतो. उडता प्रार्थनाकीटक तो ऐकताच सूर मारून खाली येतो.

हिरोड्युला प्रजातीतल्या जाती भारतात आढळतात. त्यांना सरसकट शेतकऱ्याचा मित्र म्हणणे मला पटत नाही, कारण अळीइतक्याच सहजपणे ते मधमाशीही खातात. पण बागेत त्यांचे असणे हे तिथे खाण्याजोगे पुष्कळ कीटक असल्याचे लक्षण आहे. मादी फांदीवर फेस सोडून त्यात अंडी घालते. फेस वाळून तपकिरी, टणक कोश होतो. त्यातून शंभरावर पिल्ले निघू शकतात, जगतात थोडीच. छाटणी करताना असा कोश दिसला, तर तो खरवडू नका. तेवढी फांदी राहू द्या, आणि तिच्यावर कीटकनाशक फवारू नका.