फुटबॉलचा सामना पाहावयास जातांना



फुटबॉलचा सामना हल्लीं घरबसल्या पाहावयास मिळतो, आणि तो तेथें चांगला दिसतोहि. चेंडू रेषेच्या आंत होता कीं बाहेर, हें पडद्यावर चारचारदां दाखवितात. मग तिकिटाचे पैसे मोजून, उन्हांत दोन तास बसून, दूरच्या कोपऱ्यांत चाललेला खेळ डोळे ताणून पाहावयास कां जावें, असें माझ्या घरांतील मंडळीच मला विचारतात. त्यांचें समाधान होईल असें उत्तर मला अद्याप सुचलेलें नाहीं. गोल झाला म्हणजे दहा हजार माणसें एकदम उठून उभीं राहतात. तो क्षण पडद्यांतून घरांत येत नाहीं, एवढेंच मला म्हणतां येतें. परंतु ज्या दहा हजारांमुळें तो क्षण येतो, त्याच दहा हजारांमधून वाट काढून आपल्याला घरीं परत यावयाचें असतें. सामना पाहावयास जाणारा मनुष्य या दुसऱ्या गोष्टीचा विचार क्वचितच करतो. आज मी बोलणार आहें तें मुख्यतः तिच्याविषयीं.

उदाहरणासाठीं मी कोल्हापूरचें शाहू स्टेडियम घेतों. तालीम म्हटली कीं बाहेरच्या माणसाला लाल माती व आखाडा आठवतो. पण कोल्हापुरांत पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, दिलबहार तालीम, बालगोपाल तालीम हीं फुटबॉलच्या संघांचीं नांवें आहेत. त्यांच्या जोडीला शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब असे संघ. २०१७ सालीं सतरा वर्षांखालील मुलांची जागतिक स्पर्धा भारतांत भरली, तेव्हां भारताच्या संघांत अनिकेत जाधव हा कोल्हापूरचा मुलगा होता. तेव्हां या गांवांत फुटबॉल हा कोठून तरी आणलेला पाहुणा नव्हे, घरचाच आहे. येथें मनुष्य एकटा सामन्यास येत नाहीं, पेठ येते. हलगी येते, झेंडे येतात. ही मोठी मौज आहे. मात्र हा पेठेचा अभिमान कधीं कधीं दगडापर्यंत गेल्याचेंहि कोल्हापूरनें पाहिलें आहे. म्हणून नवख्या प्रेक्षकानें आधीं एवढी चौकशी करावी कीं, कोणत्या संघाची मंडळी कोणत्या बाजूस बसतात. आपला पक्ष ठरलेला नसेल, तर कोणत्याहि संघाच्या रंगाचा सदरा घालूं नये. साधा पांढरा सदरा कोठेंहि बसूं शकतो.

आतां बरोबर काय न्यावें? थोडें. टोपी न्यावी, कारण दुपारच्या सामन्यास पायऱ्या तापलेल्या असतात. एक मोठा रुमाल. तो पायरीवर अंथरतां येतो आणि डोक्यालाहि गुंडाळतां येतो. थोडे सुटे पैसे, तेहि नोटांमध्यें. ज्यांना रोजचें औषध आहे त्यांनीं तें खिशांत ठेवावें, व सोबत डॉक्टरांची चिठ्ठी असावी, म्हणजे दारावरचा शिपाई अडवीत नाहीं. तिकीट मोबाइलवर असेल तर त्याचें चित्र घरूनच काढून ठेवावें. हजारों लोक एका जागीं जमले म्हणजे मोबाइलची जोडणी मिळेनाशी होते, आणि दाराशीं उभें राहून पडद्यावर फिरणारें चाक पाहत बसणें हा वेळेचा मोठा अपव्यय आहे. पायांत नाडीचे बूट असावेत, चप्पल नसावी. याचें कारण पुढें येईल.

काय नेऊं नये, याची यादी लांब असते व ती मैदानागणिक थोडी बदलते. ती तिकिटावर किंवा आयोजकांच्या सूचनांत असते, पण वाचतो कोण? मडगांवचें फातोर्डा किंवा मुंबईचें अंधेरी येथील मोठ्या सामन्यांना पाण्याची बाटली, नाणीं, काडेपेटी, मोबाइलला वीज पुरविणारी पेटी, छत्री, पिशवी, यांतील बरेंच कांहीं दाराशींच अडविलें जातें. लोक यावर चिडतात. परंतु ज्या वस्तूचा धोंडा होऊं शकतो ती वस्तु आंत जात नाहीं, हें सूत्र ध्यानांत ठेवलें म्हणजे यादी पाठ करावी लागत नाहीं. दारावर ठेवून घेतलेली वस्तु परत मिळेलच, असें धरून चालूं नये. पावसाचे दिवस असतील तर छत्रीऐवजीं रेनकोट न्यावा. पाणी नेतां येत नसेल तर घरून पोटभर पिऊन निघावें, आणि आंत कोठें मिळतें तें शिरतांच पाहून ठेवावें.

लहान मूल बरोबर असेल तर त्याच्या खिशांत आपलें नांव व मोबाइलचा क्रमांक लिहिलेली चिठ्ठी घालावी, आणि निघण्यापूर्वीं त्याचा त्या दिवशींच्या कपड्यांतील फोटो काढावा. मूल हरवल्यावर "सदरा कोणत्या रंगाचा होता?" या साध्या प्रश्नाला उत्तर न येणारे बाप मीं शाळेच्या सहलींत पुष्कळ पाहिले आहेत. चुकामूक झाल्यास भेटावयाची जागा मैदानाच्या बाहेर ठरवावी. "दारापाशीं" असें मोघम न सांगतां, अमुक क्रमांकाचें दार, त्याच्या समोरचें झाड, इतकें नेमकें.

सामन्याचा काळ ठराविक असतो. पंचेचाळीस मिनिटांचा एक डाव, मग पंधरा मिनिटांपर्यंत मध्यंतर, आणि पुन्हां पंचेचाळीस मिनिटें. दुखापती वगैरेंत गेलेला वेळ पंच प्रत्येक डावाच्या शेवटीं वाढवून देतो. म्हणजे दोन तास धरावे. मध्यंतराची शिटी होतांच सर्व जग चहाला व मुतारीला धांवतें. ज्यांस तें टाळावयाचें असेल त्यांनीं पांच मिनिटें आधीं उठावें. मात्र नेमका त्याच वेळीं गोल होतो, असा माझा तरी अनुभव आहे.

बसावयास मध्यरेषेच्या जवळची व जरा उंचावरची जागा मिळाल्यास उत्तम. पडद्यावर आपण चेंडू पाहतों. मैदानावर अकरा माणसें पाहावीं. पांच मिनिटें चेंडूकडे मुळींच न पाहतां एकाच बचावपटूकडे पाहून बघा. तो कोणाशीं बोलतो, केव्हां पुढें सरकतो, कोणाला हाताच्या खुणेनें मागें बोलावतो, हें दिसूं लागलें कीं खेळाचें अर्धें मर्म उलगडतें. ऑफसाइडवरून रेषेवरच्या पंचास शिव्या देण्याची चाल सर्वत्र आहे. तो बिचारा शेवटून दुसऱ्या बचावपटूच्या ओळींत राहावें म्हणून सारखा धांवत असतो, आणि आपण कोपऱ्यांतून तिरपे पाहत असतों. मागच्या कोपऱ्यांतील बाकावरून फळ्यावरची सरळ रेघहि वांकडी दिसते, हें मीं वर्गांत मुलांना अनेकदां सांगितलें आहे.

असो. आतां मुख्य गोष्टीकडे वळतों.

पांचसहा वर्षांपूर्वीं एका मैदानावर मी माझ्या आठ वर्षांच्या नातवाला घेऊन गेलों होतों. मैदानाचें नांव सांगण्याचें कारण नाहीं, कारण चूक माझी होती. गर्दी टाळावी म्हणून खेळ संपावयास दोन मिनिटें असतां मी उठलों. हाच विचार आणखी शेंकडों लोकांनीं केला होता. आम्ही जिन्याच्या मध्यावर असतां आंत गोल झाला, आणि काय झालें तें पाहावयास पुढचे कांहीं लोक उलटे वर येऊं लागले. मागचे खालीं येतच होते. तेवढ्यांत नातवाची चप्पल निसटली. "आजोबा, माझी चप्पल!" असें म्हणून तो खालीं वांकला. त्याचा हात मीं धरला होता, पण तो हात आतां माझ्या गुडघ्याच्या खालीं होता, आणि माझ्या पाठीवर मागच्या सगळ्या जिन्याचा भार आला होता. कोणीहि मुद्दाम ढकलीत नव्हता. शेजारच्या एका धिप्पाड तरुणानें दोन्ही हात भिंतीला टेकून कमान केली आणि तो ओरडला, "काका, पोराला उचला!" मीं उचललें. चप्पल तेथेंच राहिली. सगळें मिळून अर्धें मिनिट झालें असेल. घरीं आल्यावर मीं ही हकीकत चप्पल हरवल्याची म्हणून सांगितली; खरी गोष्ट पुष्कळ दिवस कोणापाशीं बोललों नाहीं.

त्यानंतर मीं या विषयावर मिळेल तें वाचलें. १६ ऑगस्ट १९८० रोजीं कलकत्त्याच्या ईडन गार्डन्सवर मोहन बागान व ईस्ट बंगाल यांच्या सामन्यांत दोन्हीं बाजूंचे समर्थक एकाच स्टँडमध्यें मिसळून बसले होते. मैदानावरची धुसफूस प्रेक्षकांत पसरली, मारामारी झाली, लोक जीव घेऊन पळूं लागले, आणि त्या पळापळींत सोळा प्रेक्षक मृत्यु पावले. त्यांच्या स्मरणार्थ त्या शहरांत या तारखेस फुटबॉलप्रेमी रक्तदान करतात.

दुसरी घटना इंग्लंडमधील शेफील्ड शहरांतील हिल्सबरो मैदानाची, १५ एप्रिल १९८९ ची. लिव्हरपूल व नॉटिंगहॅम फॉरेस्ट यांचा सामना सुरू होण्याची वेळ आली, तरी बाहेर मोठी दाटी होती. ती कमी करण्यासाठीं पोलिसांनीं बाहेर जाण्याचें एक रुंद दार उघडविलें. आंत आलेल्या लोकांस समोरच एक बोगदा दिसला व ते त्यांत शिरले. तो बोगदा मधल्या कठड्यांत जात होता, आणि ते कठडे आधींच भरलेले होते. दोन्हीं बाजूंच्या कठड्यांत जागा होती, पण तिकडे वळा असें सांगणारा कोणी नव्हता. पुढें उंच जाळी. खेळ सुरू होऊन सहा मिनिटें होतात न होतात तों तो थांबवावा लागला. या घटनेंत एकंदर सत्त्याण्णव माणसें गेलीं. त्यांतील शेवटचा, तेव्हांपासून अपंग झालेला गृहस्थ, २०२१ मध्यें वारला. दोष प्रेक्षकांचाच, असें आधीं सांगण्यांत आलें. तो त्यांचा नव्हता, हें चौकशीच्या ज्यूरीनें २०१६ मध्यें स्पष्ट केलें. म्हणजे न्याय मिळावयास सत्तावीस वर्षें लागलीं.

आणि ही गोष्ट जुन्या काळची म्हणून सोडतां येत नाहीं. १ ऑक्टोबर २०२२ रोजीं इंडोनेशियांतील मलंग येथें कांजुरुहान मैदानावर सामना संपल्यावर कांहीं लोक मैदानांत उतरले, पोलिसांनीं अश्रुधूर सोडला, सर्व लोक बाहेरच्या दारांकडे एकदम धांवले. आणि १३५ माणसें मेलीं. स्टेडियममध्यें असा धूर वापरूं नये, असा जागतिक फुटबॉल संघटनेचा नियम आधींपासून होता.

या घटना वाचतांना मला एक गोष्ट नवी कळली. गर्दींत माणसें पायाखालीं तुडवून मरतात, अशी आपली समजूत असते. पुष्कळदां तीं उभ्याउभ्याच मरतात. छातीला फुगावयास जागा राहत नाहीं व श्वास कोंडतो. एका चौरस मीटरांत, म्हणजे लहानशा सतरंजीएवढ्या जागेंत, पांचसहांहून अधिक माणसें झालीं कीं आपलें पाऊल आपल्या हातीं राहत नाहीं. गर्दी पाण्याप्रमाणें हेलकावे घेऊं लागते. आणि सर्वांत वाईट हें कीं, पुढें काय चाललें आहे याचा मागच्याला पत्ता नसतो. त्याला वाटतें, पुढचे उगाच अडून राहिले आहेत. म्हणून तो जरासा रेटा देतो. असे शंभर जणांचे जरासे रेटे एका मुलाच्या छातीवर जाऊन पोंचतात.

तेव्हां, आंत शिरतांच बाहेर जाण्याच्या दोन वाटा पाहून ठेवाव्या. ज्या दारानें आलों तेंच दार जवळचें असतें असें नाहीं. तासभर आधीं पोंचावें, म्हणजे दाराशीं घाई करणाऱ्यांत आपण नसतों. गर्दी दाटूं लागली आणि दोन्हीं बाजूंनीं खांदे लागूं लागले, कीं तेव्हांच बाजूला व्हावें. नंतर होतां येत नाहीं. सांपडलोंच तर दोन्ही हात मुष्टियोद्ध्याप्रमाणें छातीसमोर धरावे, म्हणजे श्वासापुरती जागा राहते. लोंढ्याच्या विरुद्ध जाऊं नये. एक लाट ओसरली कीं दुसरी येण्यापूर्वीं क्षणभर सैलपणा येतो, त्यांत दोन पावलें तिरपें सरकावें, असें करीत कडेला यावें. पडलेली वस्तु, मग तो मोबाइल कां असेना, उचलावयास वांकूं नये. मूल कडेवर घ्यावें, हात धरून चालवूं नये. कोणी पडला तर आरडाओरड करण्याआधीं त्याच्या भोंवतीं हातांची कमान करावी, जशी त्या तरुणानें केली. आणि आपण मागें असूं तर थांबावें. पुढें जागा झाली कीं ती दिसतेच.

सामना संपल्यावर मी आतां पंधरा मिनिटें बसून राहतों. खेळाडू प्रेक्षकांकडे येऊन हात हलवितात, तें पाहावयास मिळतें. फुटाणेवाला उरलेला माल स्वस्तांत देतो. ऊन उतरलेलें असतें. नातू बरोबर असला तर तो बूटच घालून येतो, आणि शेवटची शिटी होण्यापूर्वीं नाडी दोनदां आवळून पाहतो.