हप्ता कळला, पण घराची किंमत कळली का?

‘घर पाहावं बांधून’ असं आपल्याकडे म्हणतात ते उगीच नाही. जागा बघायला जाण्यापासून वास्तुशांतीपर्यंत घरातल्या बाईचा जीव त्यात गुंतलेला असतो. ओटा कुठल्या बाजूला, देवघर कुठं, नळाला पाणी किती वाजता येतं, मुलांची शाळा किती लांब, सगळं ती दहादा विचारून घेते. पण बँकेत कर्जाचे कागद पुढ्यात आले की तीच म्हणते, “ते यांनाच विचारा, मला त्यातलं काही कळत नाही.” आणि दाखवतील तिथं सह्या करून मोकळी होते.

मैत्रिणींनो, ही सही साधी नसते. नवऱ्याबरोबर तुम्ही सहकर्जदार म्हणून सही केली, तर ते कर्ज अर्धं त्यांचं आणि अर्धं तुमचं असं नसतं. पूर्ण कर्ज तुमचंही असतं. उद्या घरात काही बरंवाईट झालं, नोकरी गेली किंवा दोघांचं पटेनासं झालं, तरी बँक तुमच्याकडे पूर्ण रक्कम मागू शकते. म्हणून हे कर्ज शेवटी केवढ्याला पडतं, हे तुम्हाला माहीत असायलाच हवं. त्यासाठी फार शिक्षण लागत नाही. दुधाचा आणि किराण्याचा हिशेब ठेवणाऱ्या बाईला हा हिशेब सहज जमतो.

२० लाखांचे होतात ४१ लाख

समजा, तालुक्याच्या गावी एका जोडप्यानं फ्लॅटसाठी २० लाखांचं कर्ज काढलं. व्याज ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. बँकेनं सांगितलं, महिन्याला हप्ता १७,३५६ रुपये. दोघांनी घरखर्चाचा मेळ घातला, ‘एवढं जमेल’ म्हणाले आणि प्रश्न मिटला.

आता एवढंच करा, हप्त्याला २४० नं गुणा. २० वर्षांचे महिने २४०. उत्तर येतं ४१ लाख ६५ हजारांच्या वर. म्हणजे घेतले २० लाख आणि त्यावर व्याजच भरलं २१ लाख ६५ हजार. एक घर आपलं झालं आणि तेवढ्याच पैशांचं दुसरं घर व्याजात गेलं, असं म्हटलं तरी चालेल.

यात बँक फसवत नाही. बचत गटात शेकडा दोन रुपये म्हटलं की महिन्याला २ टक्के, हे आपल्याला पक्कं ठाऊक असतं. इथंही तसंच आहे, व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं. सुरुवातीला मुद्दल सगळ्यात जास्त, म्हणून व्याजही सगळ्यात जास्त. वरच्या उदाहरणात पहिल्या हप्त्यातल्या १७,३५६ रुपयांपैकी १४,१६७ रुपये नुसतं व्याज असतं. मुद्दलातून कमी होतात फक्त ३,१८९ रुपये.

पहिल्या वर्षभरात २ लाख ८ हजार रुपये भरले, तर कर्ज उतरतं जेमतेम ४० हजारांनी. पाच वर्षांत १० लाख ४१ हजार भरून होतात, तरी कर्ज शिल्लक असतं १७ लाख ६२ हजार. ‘अर्धं कर्ज फिटलं’ म्हणायचा दिवस दहाव्या वर्षी येत नाही, त्याला जवळजवळ १४ वर्षं लागतात! पाचसहा वर्षांनी घर विकायची वेळ आली की लोक चक्रावतात, ते याचमुळे. “इतके हप्ते भरले, ते गेले कुठं?” गेले व्याजात.

हप्ता लहान, व्याज महान

हप्ता जड वाटला की पटकन सुचवलं जातं, “मुदत वाढवून घ्या ना.” ऐकायला गोड लागतं. पण याच २० लाखांचा, याच ८.५ टक्क्यांचा हिशेब मुदतीप्रमाणे कसा बदलतो ते बघा.

१५ वर्षं : हप्ता १९,६९५ रुपये, एकूण व्याज सुमारे १५ लाख ४५ हजार
२० वर्षं : हप्ता १७,३५६ रुपये, एकूण व्याज सुमारे २१ लाख ६५ हजार
३० वर्षं : हप्ता १५,३७८ रुपये, एकूण व्याज सुमारे ३५ लाख ३६ हजार

२० ची ३० वर्षं केली तर महिन्याला पुरते दोन हजारही वाचत नाहीत, पण व्याज १३ लाख ७० हजारांनी वाढतं. उलट महिन्याला २,३३९ रुपये जास्त काढता आले आणि १५ वर्षांची मुदत घेतली, तर ६ लाख २० हजार वाचतात. मुलीच्या शिक्षणाचे पैसे इथंच निघू शकतात.

म्हणून ‘हप्ता किती बसेल?’ एवढंच विचारून थांबू नका. ‘शेवटपर्यंत एकूण किती भरणार?’ हेही विचारा.

दर वाढतो, पण हप्ता तोच. मग वाढतं काय?

बहुतेक गृहकर्जांचा व्याजदर बदलता असतो, बँकेच्या भाषेत ‘फ्लोटिंग’. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेनं रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर नेला. गृहकर्जं महागली. पण कित्येक घरांत ते कळलंही नाही, कारण हप्ता तेवढाच जात होता. बँकेनं हप्ता न वाढवता मुदत वाढवली होती.

हे किती टोकाला जाऊ शकतं? २० लाखांचं २० वर्षांचं कर्ज ७ टक्क्यांनी घेतलं, तर हप्ता १५,५०६ रुपये. कर्ज अगदी नवं असताना दर ९.५ टक्के झाला, तर महिन्याचं नुसतं व्याजच १५,८३३ रुपये होतं. म्हणजे हप्ता वेळेवर भरायचा आणि तरी कर्ज कमी व्हायच्या ऐवजी वाढायचं!

याला आळा घालायला रिझर्व्ह बँकेनं ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केले. दर बदलला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होणार हे बँकेनं कळवायला हवं. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे ग्राहकाला निवडू द्यायला हवं. आतापर्यंत मुद्दल किती फिटलं, व्याज किती गेलं, हप्ते किती उरले याचं विवरणपत्र दर तीन महिन्यांनी मिळायला हवं. ते बहुधा नवऱ्याच्या मोबाइलवर किंवा ई-मेलवर येतं आणि न वाचताच राहतं. सहकर्जदार म्हणून तुमचाही मोबाइल नंबर बँकेत नोंदवा आणि उरलेल्या हप्त्यांचा आकडा दर वेळी वहीत लिहा. तो वाढलेला दिसला, तर सरळ शाखेत जाऊन विचारा.

दर उतरतात तेव्हाही डोळे उघडे ठेवा. २०२५ मध्ये रेपो दर खाली आला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराशी, बहुतेक करून रेपोशी जोडलेली असतात, त्यामुळे घट लवकर पोचते. त्याआधीचं जुनं कर्ज जुन्याच पद्धतीवर चालू असेल, तर नव्या पद्धतीवर घेता येतं का आणि त्याला फी किती, हे विचारून घ्या.

हप्त्यात न दिसणारे खर्च

घराच्या किमतीत मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी धरलेली नसते. ती आपल्यालाच भरावी लागते. महाराष्ट्रात राहतं घर फक्त स्त्रीच्या किंवा स्त्रियांच्या नावावर खरेदी केलं, तर २०२१ पासून मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे. ३० लाखांच्या घरावर हे ३० हजार रुपये होतात. याशिवाय बँकेची प्रक्रिया फी आणि तिच्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणाच्या कागदांचा खर्च हे सगळं असतंच.

विम्याचं नीट समजून घ्या. कर्जाबरोबर बँक विमा सुचवते आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून टाकते. “तुम्हाला आत्ता काही भरायचं नाही,” असं सांगतात. पण ६० हजारांचा विमा असा कर्जात धरला, तर ८.५ टक्क्यांनी २० वर्षांत त्याचे सव्वा लाख भरावे लागतात. कमावत्या माणसाचा विमा हवाच, त्यात कसूर करू नका. मात्र दुसरीकडे साधा मुदत विमा केवढ्याला पडतो ते आधी बघा, आणि बँकेचाच घेतलात तर पैसे वेगळे भरा.

बांधकाम चालू असलेल्या इमारतीत घर घेतलं, तर ताबा मिळेपर्यंत बहुतेक वेळा नुसतं व्याज भरावं लागतं. १० लाख उचलले असतील, तर महिन्याला ७,०८३ रुपये. ताबा दोन वर्षं लांबला, तर १ लाख ७० हजार जातात आणि मुद्दल एक रुपयानंही उतरत नाही. शिवाय राहत्या घराचं भाडं चालूच.

कोणी ‘फक्त ८ टक्के फ्लॅट रेट’ म्हणालं, तर सावध व्हा. इथं ‘फ्लॅट’ म्हणजे घर नव्हे! यात मुद्दल फिटत गेलं तरी व्याज मूळच्या पूर्ण रकमेवरच लावतात. ५ लाखांवर १० वर्षांत ४ लाख व्याज, हप्ता ७,५००. उरलेल्या मुद्दलावर व्याज धरणाऱ्या नेहमीच्या पद्धतीनं मोजलं, तर हा दर १३ टक्क्यांच्या घरात जातो.

आणि ‘टॅक्स वाचतो’ हे कारण? जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत ती मिळत नाही. मिळाली तरी २० टक्के कर भरणाऱ्याचे व्याजाच्या शंभर रुपयांमागे वीसेक रुपयेच वाचतात. बाकीचे ऐंशी खिशातूनच जातात.

थेंबे थेंबे कर्ज उतरे

घाबरून जाऊ नका. घरभाडं वाचतं, डोक्यावर हक्काचं छप्पर येतं, पगार वाढत जातो आणि हप्ता हलका वाटू लागतो. गृहकर्ज काढणं काही वाईट नाही. फक्त ते लवकर उतरवायचं तंत्र हाती हवं.

सुरुवातीच्या वर्षांत जादा भरलेला रुपया सगळ्यात जास्त कामाला येतो. वरच्याच कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी भिशीचे, बोनसचे किंवा मोडलेल्या ठेवीचे १ लाख रुपये मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर तब्बल २६ हप्ते कमी होतात आणि साडेतीन लाखांचं व्याज वाचतं. तेच १ लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले, तर वाचतात साधारण ४८ हजार.

एकरकमी लाख जमत नसतील, तर वर्षाला एक हप्ता जास्तीचा भरा. २० वर्षांचं कर्ज १६ वर्षं ८ महिन्यांत फिटतं आणि चार लाखांच्या वर व्याज वाचतं. दिवाळीला बोनस मिळतो किंवा शेतीचा पैसा हातात येतो, तेव्हा आधी हा हप्ता बाजूला काढायचा. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याबद्दल बँकांना २०१२ पासून दंड घेता येत नाही, तेव्हा ती भीती नको. मात्र भरताना ‘हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा’ असं लेखी द्या. आणि दवाखान्यासाठी, अडीअडचणीसाठी ठेवलेले पैसे यात घालू नका. पाचसहा महिन्यांचा घरखर्च हाताशी हवाच.

सहीआधी एवढं विचारा

* ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ म्हणजे कर्जाच्या मुख्य माहितीचा कागद. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर तो द्यावाच लागतो, आणि तोही आपल्याला समजेल अशा भाषेत. मराठीत मागायला संकोच कसला? सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर किती, हे त्यात असतं.
* परतफेडीचा तक्ता मागून घ्या. प्रत्येक हप्त्यात मुद्दल किती, व्याज किती, हे त्यात ओळीनं दिसतं.
* खरेदीखतावर तुमचं नाव आहे ना, हे डोळ्यांनी बघा. कर्जाच्या कागदावर नाव असलं म्हणजे घरावर मालकी असतेच असं नाही. कर्ज तुमच्या डोक्यावर आणि घर दुसऱ्याच्या नावावर, असं होऊ देऊ नका.
* बँकेकडे कोणकोणती मूळ कागदपत्रं दिली, त्याची यादी आणि पोच घरात ठेवा. कर्ज पूर्ण फिटल्यावर ती ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला, तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाईचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

कर्ज आधीच चालू असेल, तरी वेळ गेलेली नाही. या आठवड्यात बँकेतून ताजं विवरणपत्र आणा, नवऱ्याला शेजारी बसवा आणि तीन आकडे वहीत लिहा : मुद्दल किती उरलं, हप्ते किती उरले, दर किती आहे. उरलेल्या हप्त्यांना हप्त्याच्या रकमेनं गुणा. जो आकडा येईल, तो यापुढं तुमच्या घरातून जाणारा पैसा. त्यातला किती वाचवायचा, हे मग दोघांनी मिळून ठरवा.