घरचे मैदान दुरावलेला इंफाळचा नेरोका

इंफाळ : मणिपूरच्या राजधानीत 1965 मध्ये स्थापन झालेल्या नेरोका फुटबॉल क्लबने 2016-17 मध्ये द्वितीय श्रेणीचे विजेतेपद पटकावले आणि आय-लीगच्या 2017-18 या पहिल्याच हंगामात उपविजेतेपदापर्यंत मजल मारली. मात्र 3 मे 2023 रोजी राज्यात मैतेई व कुकी समुदायांत हिंसाचार उसळला. परिणामी 2023-24 मध्ये संघाला खुमान लाम्पाक मैदानाऐवजी ‘घरचे’ सामने पश्चिम बंगालमधील कल्याणीसारख्या ठिकाणी खेळावे लागले. त्याच शहरातील ट्राऊ संघावरही हीच वेळ आली. घरचे मैदान म्हणजे पाठीराख्यांचे बळ आणि तिकीटविक्रीचा आधार. परमुलखात तो तुटतो, प्रवास व निवासाचा खर्च वाढतो. हंगामाअखेर दोन्ही संघांची आय-लीगमधून पदावनती झाली.